एक्केचाळीस नंबरचं पान

१

सोमवारी सकाळी दहा वाजून पाच मिनिटांनी आमच्या कार्यालयातल्या एका फाइलीत चाळिसाव्या पानानंतर एकदम बेचाळिसावं पान आलं. मधलं पान गेलं होतं. एरवी आमच्याकडं पानं काय, अख्ख्या फाइली वर्ष-वर्ष दिसत नाहीत आणि कुणाची झोप उडत नाही. पण ही फाइल दुसऱ्या दिवशी उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढं ठेवायची होती, आणि गाडी संध्याकाळी सहाला निघणार होती.

मी धम्मानंद. नांदेडला बसस्टँडमागं दोन जिल्ह्यांतल्या रस्त्यांसाठी जमिनी संपादन करणारं कार्यालय आहे, तिथं मी लघुलेखक आहे. लोक बोलतात ते लिहून घ्यायचं आणि साहेबांना हवं तसं टाइप करायचं, एवढंच माझं काम. दोन्हींत फरक पडतो, पण त्याबद्दल मला कुणी विचारत नाही.

प्रकरण साधं होतं. अहमदपूर तालुक्यातल्या तिवटगावाबाहेरून वळणरस्ता जाणार होता. त्यात शिवकांताबाई हलगे यांचं शेत आणि त्यातली पाण्याची विहीर जात होती. कायदा असा की, संपादनाचा जाहीरनामा निघाल्यापासून वर्षाच्या आत निवाडा व्हायला हवा. नाहीतर सगळं संपादन रद्द. ती मुदत १२ जानेवारी २०२४ ला संपत होती. आमचं म्हणणं, निवाडा त्याआधीच झाला आणि त्याची नोटीस मुदतीतच बाईंच्या दाराला चिकटवली. बाईंचं म्हणणं, निवाडा पुढं फेब्रुवारीत केला आणि तारीख मागची टाकली. दोन वर्षं हा वाद चालला होता.

आमच्या बाजूनं पुरावा एकच. नोटीस चिकटवल्याचा पंचनामा, पान एक्केचाळीस.

फाइल जिलानीभाईंच्या ताब्यात होती. ते आमचे अभिलेख कारकून, तेहतीस वर्षांची नोकरी, एकतीस जानेवारीला निवृत्ती. पान नाही हे त्यांनी स्वतःच पाहिलं आणि स्वतःच जाऊन साहेबांना सांगितलं. साहेबांनी त्यांचं ऐकून घेतलं आणि पाच मिनिटांत निष्कर्ष काढला.

"जिलानीनं बाईच्या वकील पुतण्याला विकलं असणार. चौकशी लावा. संध्याकाळपर्यंत अहवाल पाहिजे, म्हणजे उद्या कोर्टात सांगता येईल की दोषी माणूस निलंबित केलाय."

चौकशीला नेमल्या वर्षाराणी केंद्रे, नायब तहसीलदार. माहेर-सासर दोन्ही उदगीरचं. जबाब लिहायला मी.

२

केंद्रे मॅडमना जबाबात विशेषणं चालत नाहीत. कुणी "अत्यंत" म्हटलं की त्या हात वर करून थांबवतात. आणि प्रत्येकाला त्या आधी जेवलात का, असं विचारतात. सुरुवातीला मला ती माया वाटायची. नंतर कळलं, माणूस जेवणाबद्दल बोलताना खोटं बोलायच्या तयारीत नसतो.

जिलानीभाई जेवले नव्हते. खुर्चीच्या कडेवर बसून त्यांनी सांगितलं, "मॅडम, शुक्रवारी सकाळी मी पानं मोजली. एकशे सोळा. बराबर होती. आज मोजली, एकशे पंधरा."

"मध्ये कपाटाची चावी कुणाकडं होती?"

"माझ्याकडंच. फक्त..." ते थांबले. "शुक्रवारी दीड ते अडीच मी नमाजला जातो. चावी टेबलाच्या ड्रॉवरमध्ये ठेवून जातो. हे सगळ्या ऑफिसला माहीत आहे. तेहतीस वर्षं असंच चाललंय."

"पान तुम्ही वाचलं होतं?"

"नंबर टाकताना मी प्रत्येक पान वाचतो. नाहीतर नंबर टाकायचा कशाला?"

"काय होतं त्यात?"

"पंचासमक्ष गेलो. घरास कुलूप. शेतात जाऊन पाहिलं, शेतातही कोणी आढळून आले नाही. सबब नोटीस दरवाजास डकवली." त्यांनी डोळे मिटून म्हणून दाखवलं. "तारीख आठवत नाही. मुदतीच्या आतली होती, तेवढं पाहिलं. पंच दोन. एक आपला विरूपाक्ष शिपाई, दुसरा तेव्हाचा गाडीचा चालक, तो बदलून गेला. लिहिणारे देवसरकर."

"पुतण्याला ओळखता?"

"दोनदा चहा पाजला त्यानं. मी प्यालो," जिलानीभाई म्हणाले. "मॅडम, घरी अजून सांगितलं नाही. बायकोनं, आबेदानं, निरोपाच्या दिवसाला शेरवानी शिवायला टाकलीय. चोर म्हणून मला ती घालता यायची नाही."

मी पेन थांबवलं. हे जबाबात घ्यायचं की नाही, ते मला कळेना. मॅडम म्हणाल्या, "घ्या. विशेषण नाही त्यात."

३

पुतण्या सुदर्शन हलगे अहमदपूरला वकिली करतो. केसच्या कामानं तो त्या दिवशी नांदेडातच होता. बोलावल्यावर तणतणतच आला.

"मी पान चोरलं? मला तर फाइल धड दाखवलीसुद्धा नाही! पंधरा दिवसांपूर्वी अर्ज दिला होता पाहणीचा. कुणी विचारलं नाही. आणि गुरुवारी संध्याकाळी एकाएकी देवसरकरांचा फोन, उद्याच दोन वाजता या. येळवशीच्या दिवशी! काकू अजून बोलेना माझ्याशी."

"मग काय पाहिलंत?"

"पन्नासच्या पुढची पानं. मी मागची मागितली तर म्हणाले, ती कोर्टात बघा. मधेच पाणी प्यायला उठून गेले. आता म्हणतात मी एकटा होतो!"

येळवस म्हणजे वेळ अमावस्या. लातूरकडं हा मोठा सण. मी नांदेड शहरातला, मला त्याची ऐकीव माहिती. त्या दिवशी तिकडची गावं ओस पडतात म्हणे.

मग हरिओम देवसरकर आले. अव्वल कारकून, गाव हिमायतनगर. कामाला वाघ, पण कामं शेवटच्या दिवसावर ढकलायची जुनी खोड. ही फाइल त्यांच्या टेबलावर पाच महिने पडून होती, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं.

"मॅडम, पान गेलं म्हणजे आपली केस गेली," ते म्हणाले. "मी स्वतः उन्हातान्हात जाऊन केलेला पंचनामा. फायदा कुणाचा झाला ते बघा ना. मी काय सांगून राहिलो, तो पोरगा पाच मिनिटं एकटा होता. आणि चावी अशी उघड्यावर ठेवणारा जिलानी, तो काय बिनकामाचा चहा पिऊन राहिला का?"

"पंचनाम्याच्या दिवशी काय झालं होतं?"

"काय होणार? घराला कुलूप. सगळा गाव शेतात गेलेला. मग नोटीस द्यावी कुणाच्या हातात? दाराला चिकटवली."

"तारीख?"

"ती काय पाठ असते का मॅडम? फिरती नोंदवहीत बघा."

बाहेर कुठं जाताना आम्ही ज्या वहीत लिहून जातो, ती फिरती नोंदवही. मी काढली. ११ जानेवारी २०२४, गुरुवार. "मौजे तिवटगाव, नोटीस बजावणी," देवसरकरांचं अक्षर. दोन ओळींच्या मधल्या जागेत बसवलेलं. मॅडमनी तिथं बोट ठेवलं.

शेवटी विरूपाक्ष शिपाई. उदगीरकडचा, पन्नाशीचा. त्यानं मॅडमपुढं डबा उघडून ठेवला. "शिळे हायेत, पण येळवशीचे उंडे हायेत मॅडम. घ्या." बाजरीचा वाफवलेला गोळा मॅडमनी उचलला आणि खाता-खाता विचारलं, "शुक्रवारी रजेवर होतास म्हणजे?"

"हाव. येळवशीला मी कवाच कामावर येत न्हाई. शेतात पाच दगडांचे पांडव मांडायचे, पूजा, सगळ्यांचं जेवण. गुरुवारी अर्ज दिला. देवसरकरसाहेब लई हसले, आमच्याकडं असलं काय नसतंय म्हणले. मग मी सगळं सांगितलं त्यांला. सांगता-सांगता हसू गेलं त्यांचं. अन् मग माझ्या मागच्या सगळ्या रजा काढून बघत बसले. एवढं कवाच बघत न्हाईत."

"पंचनाम्यावर सही तुझीच होती?"

विरूपाक्षानं डबा बंद केला. "साहेबांनी सांगितलं, केली," एवढंच म्हणाला आणि उठला. मॅडमनी त्याला अडवलं नाही. घड्याळात पाऊण वाजला होता.

"गाडी काढायला सांगा," त्या म्हणाल्या. "तिवटगावला जाऊन येऊ."

"पण चोर तर इथं ऑफिसात असणार ना मॅडम?"

"चोर इथं आहे. त्यानं चोरलं काय, ते तिथं कळेल."

४

शिवकांताबाई विहिरीवर होत्या. पासष्टीच्या, अंगानं काटक. सरकारी गाडी पाहून त्यांनी पदर खोचला आणि वाटेतच उभ्या राहिल्या.

"पुन्ना मोजणी का?"

"नाही मावशी. एक विचारायचं होतं. ११ जानेवारीला, यंदाच्या नाही, त्याच्या आधीच्या वर्षीच्या, तुम्ही कुठं होतात?"

"आता अकरा अन् बारा मला काय कळतंय माय? सण इचार, पेरणी इचार, सांगते."

"घराला कुलूप लावून कुठं गावाला गेला होतात का त्या हिवाळ्यात?"

"कुठं जाते? म्हस गाभण होती माझी. येळवशीलाच याली ना, हितं शेतात! अर्धं गाव जेवायला बसलेलं कडब्याच्या कोपीपुढं, अन् हिकडं हिचं चालू. पन्नास मानसं उभी, कुनी पानी आनतंय, कुनी सांगतंय असं कर. डाक्टरचं कामच पडलं न्हाई."

मॅडमचा चेहरा बदलला नाही, पण त्यांनी माझ्या वहीकडं पाहिलं. "कधी याली ते लिहून ठेवलंय का कुठं?"

"ठिवावं लागतंय. पुढचा हिसाब कसा कळंल मग?"

घरात भिंतीवर खिळ्याला जुनी कॅलेंडरं एकावर एक अडकवलेली होती. म्हशीच्या तारखा असल्यामुळं त्यांनी ती टाकली नव्हती. बाईंनी २०२४ सालचं शोधून जानेवारीचं पान काढलं. अकरा तारखेच्या चौकोनात काळा गोल छापलेला, अमावस्येचा. खाली पेन्सिलीनं नातवाच्या अक्षरात लिहिलं होतं, "म्हैस व्याली. रेडी."

मी त्या चौकोनाकडं बघत राहिलो. यंदाची येळवस डिसेंबरात आली म्हणून कुणाच्या डोक्यात जानेवारी नव्हता. अमावस्या सरकते, तारीख सरकत नाही. शिवकांताबाईंना तारीख माहीत नव्हती, देवसरकरांना अमावस्या. दोन्ही एका चौकोनात फक्त त्या भिंतीवर दिसत होत्या.

निघताना बाई म्हणाल्या, "रस्ता नगं म्हनत न्हाई मी. गावाला रस्ता पायजेच. पर हिरीला पानी हाय माझ्या. मे महिन्यात चार घरं भरत्यात हितून. ती तेवढी सोडा म्हनलं, तर मला म्हनतेत तुला नोटीस दिली, तू घरी नव्हतीस. मी हितंच होते की माय. मी कुठं जाते?"

त्यांचा आवाज चढला नव्हता. गाडीत बसल्यावरही मला तो ऐकू येत होता, आणि गेली दोन वर्षं त्या खोट्या नोटिशीची पत्रं मीच टाइप केली होती याची लाज वाटली.

५

पाच वाजता सगळे साहेबांच्या दालनात होते. साहेबांनी घड्याळ पाहिलं. "बोला. जिलानी की पुतण्या?"

"दोघंही नाहीत," मॅडम म्हणाल्या. "आपण सकाळपासून एकच धरून बसलोय की ते पान सरकारच्या फायद्याचं होतं. म्हणून चोर बाईंच्या बाजूचा. पण त्या पानावर तारीख होती ११ जानेवारी २०२४. त्या दिवशी येळवस होती. आणि पान म्हणतं, शेतात कोणी आढळले नाही."

साहेब पुण्याकडचे. त्यांना कळलं नाही.

"साहेब, येळवशीला तिवटगावात घराला कुलूप असणारच. पण शेत रिकामं? बाईंच्या शेतात त्या दिवशी पन्नास माणसं होती. तो पंचनामा गावात गेलेल्या माणसानं लिहिलेला नाही. येळवस माहीत नसलेल्या माणसानं, खुर्चीत बसून लिहिलाय. कोर्टात तो उघडला असता तर सुदर्शन हलगेंनी एका मिनिटात फाडला असता. त्यांना ते पान चोरायचं नव्हतं, वाचायचं होतं. म्हणूनच त्यांना ते दाखवलं नाही."

देवसरकर म्हणाले, "मॅडम, शब्दात इकडंतिकडं होतं. मी तर सकाळीच सांगितलं, सगळा गाव शेतात होता."

"तेच तर. जिलानीभाईंनी पान वाचलंय. त्यात शेतात कोणी नाही. तुम्ही सकाळी म्हणालात, सगळा गाव शेतात. तेव्हा मला तारीख माहीत नव्हती, या दालनात कुणालाच नव्हती. तुम्हीही म्हणालात की आठवत नाही. तारीख आठवत नव्हती, तर गाव शेतात होतं हे कुठून कळलं?"

देवसरकरांनी रुमाल काढला.

"गुरुवारी कळलं," मॅडमच पुढं म्हणाल्या. "विरूपाक्षानं रजा मागताना येळवस समजावून सांगितली तेव्हा. मग तुम्ही त्याच्या जुन्या रजा पाहिल्यात. मीही आत्ता हजेरीपट पाहून आले. ११ जानेवारी २०२४, विरूपाक्ष, किरकोळ रजा. मंजुरीची सही तुमची. तुमचा पंच त्या दिवशी उदगीरकडं स्वतःच्या शेतात होता. म्हणून गुरुवारी संध्याकाळी तुम्ही सुदर्शन हलगेंना फोन करून बोलावलंत, म्हणजे गरज पडली तर चोर म्हणून दाखवायला माणूस हवा. शुक्रवारी जिलानीभाई नमाजला गेल्यावर ड्रॉवरमधून चावी घेतलीत."

"पण मग तिथं दुसरं पान का नाही बसवलं?" साहेबांनी विचारलं. प्रश्न बरोबर होता. मलाही तोच पडला होता.

"नव्या पानावर पंचाची सही लागते. आणि पंच शुक्रवारी येळवशीला गेला होता." मॅडम दाराकडं वळल्या. "विरूपाक्ष, आज सकाळी सही कशावर मागितली?"

विरूपाक्षानं डब्याच्या पिशवीतून चौघडी केलेला कागद काढला. नवा पंचनामा, तारीख १२ जानेवारी. दुसऱ्या पंचाची, बदलून गेलेल्या चालकाची, सही कुणीतरी आधीच ठोकलेली, विरूपाक्षाच्या नावापुढची जागा कोरी.

"आधीच्या वेळी मी वाचलं न्हाई साहेब," तो म्हणाला. "फेब्रुवारीत हितंच टेबलावर कागद पुढं केला, सही केली. आज वाचलं. वाचल्यावर हात झाला न्हाई. माझं काय व्हायचं ते होऊ द्या."

देवसरकर खाली बसले. "मी कुणाचा रुपया घेतला नाही," ते म्हणाले. "काम राहून गेलं होतं. तेवढं झाकायचं होतं."

मला ते खरं वाटलं. आणि त्यानं काहीच बरं वाटलं नाही.

६

साहेबांनी दार लावून घेतलं. आत मॅडम, जिलानीभाई आणि मी.

"केंद्रे, हा अहवाल असाच गेला तर उद्या संपादन रद्द होईल. दोन वर्षांचं काम पाण्यात. पुन्हा पहिल्यापासून मोजणी, जाहीरनामा, सगळं."

"हो साहेब."

"अहवाल सुनावणीनंतर दिला तर?"

"तर उद्या कोर्टात जिलानीभाई चोर म्हणून सांगितले जातील. मी आत्ता सही करते. तुम्ही पुढं पाठवला नाहीत, तर तसं लिहून द्या."

साहेबांनी लिहून दिलं नाही. असं लिहून कुणी देत नाही. घड्याळाकडं पाहून ते म्हणाले, "टाइप करा."

मी टाइप करायला बसलो. मॅडम सांगत होत्या, जिलानीभाई समोर उभे होते. शेवटचं वाक्य मॅडमनी सांगितलं, "सबब अभिलेख कारकून श्री. जिलानी यांचा यात कोणताही दोष आढळून येत नाही." मी मान वर करून त्यांच्याकडं पाहिलं. मला वाटलं, त्यांचे डोळे भरले असतील.

"हे वाक्य बराबर नाही मॅडम," जिलानीभाई म्हणाले.

"म्हणजे?"

"चावी मी ड्रॉवरमध्ये ठेवली. दर शुक्रवारी ठेवली. चावी स्वतःजवळ बाळगायची, असा नियम आहे. पान माझ्या ताब्यातून गेलं. ते लिहा."

"जिलानीभाई, ते लिहिलं तर सेवापुस्तकात ठपका येईल. महिना राहिलाय तुमचा."

"येऊ द्या. तेहतीस वर्षं मी लोकांच्या कागदांवर नंबर टाकले. झालं ते झालं म्हणून लिहायचं, एवढंच मला येतं. माझ्याबद्दलचा शेवटचा कागद तरी खोटा नको."

मॅडमनी त्यांच्याकडं पाहिलं. मग त्या मला म्हणाल्या, "खोडा ते वाक्य."

मी नवं लिहिलं. चोरीशी त्यांचा संबंध नाही. मात्र चावी निष्काळजीपणे ठेवली, हे त्यांनी स्वतः सांगितले असून ते खरे आहे. फाइल एकशे पंधरा पानांची, अहवालासह, सहाच्या गाडीनं गेली. दुसऱ्या दिवशी दुपारी संपादन रद्द झाल्याचा फोन आला. साहेबांनी फोन ठेवून नव्या प्रस्तावाची तयारी करायला सांगितलं, आणि या वेळी आखणी विहिरीच्या अलीकडून करता येते का बघा, असंही म्हणाले.

एकतीस जानेवारीला ठपक्याचा आदेश आणि निवृत्तीचा आदेश एकाच दिवशी निघाले. दोन्ही मीच टाइप केले. जिलानीभाईंनी दोन्ही नीट वाचले, पोच म्हणून सह्या केल्या, आणि शेरवानीची कॉलर सारखी करून निरोपाच्या सभेला खाली गेले.